नरी आणि कांडी

शाळा सुरू झाली की पहिले काही दिवस शिकवण्याचे नसतात, फॉर्मांचे असतात. नवीन प्रवेश, जुन्या मुलींची माहिती, शिष्यवृत्तीचे अर्ज. मी नागपुरातल्या एका उर्दू माध्यमाच्या शाळेत उर्दू आणि मराठी असे दोन्ही विषय शिकवते, त्यामुळे दोन्ही लिप्यांतले कागद शेवटी माझ्याच टेबलावर येऊन पडतात. यंदा एका संध्याकाळी गठ्ठा लावता लावता सहज मोजलं. एका वर्गाचे ५३ फॉर्म. त्यातल्या ४९ फॉर्मांवर 'आईचा व्यवसाय' या रकान्यात एकच शब्द होता. कुठे 'गृहिणी', कुठे 'खानादारी'.

या मुलींच्या आयांपैकी कितीतरी जणी मला माहीत आहेत. एक विड्या वळते. एक दुपट्ट्यांना मण्यांची किनार लावून देते, डझनाच्या भावाने. एक रात्री दोनपर्यंत शिलाई मशीनवर असते. वर्गात डबा उघडला की कुणाच्या पोळीला तंबाखूचा वास येतो, हेसुद्धा मला ठाऊक आहे. तरी रकान्यात 'गृहिणी'.

मी पेन उचललं आणि परत ठेवलं. कारण हाच रकाना एकदा मीही असाच भरला होता, आणि तेव्हा माझं शिक्षण या मुलींपेक्षा बरंच जास्त झालेलं होतं.

माझं बालपण कामठीत गेलं. कामठी म्हणजे कन्हान नदीकाठचं, १८२१ साली इंग्रजांनी वसवलेल्या छावणीभोवती वाढलेलं गाव. नागपूरपासून पंधरा-सोळा किलोमीटर. आमचं घर मोमीन विणकरांचं. आमचे पूर्वज उत्तरेतून इकडे आले, येताना बाकी काही नाही तरी हातातली कला घेऊन आले, असं दादी सांगायची. घरात दोन खड्डामाग होते. जमिनीत खड्डा, खड्ड्यात पाय, आणि पायाखाली पावड्या. एकावर अब्बा बसत, दुसऱ्यावर चाचा. सुती साड्या निघत. खटाक-खट, खटाक-खट हा आवाज आमच्या घराचा श्वास होता. शुक्रवारी जुम्याच्या नमाजासाठी माग थांबला की घर एकदम रिकामं वाटायचं.

या आवाजामागे आणखी एक आवाज होता. बारीक, घरघर करणारा. तो चरख्याचा. ओसरीत भिंतीला टेकून अम्मी बसलेली असायची आणि नऱ्या भरत असायची.

ज्यांनी हातमाग जवळून पाहिलेला नाही, त्यांच्यासाठी थोडं सांगते. कापडात दोन धागे असतात, उभा आणि आडवा. उभा म्हणजे ताणा. तो मागावर आधीच ताणून बसवलेला असतो. आडवा म्हणजे बाणा. तो धोट्यातून येतो. धोटा म्हणजे होडीच्या आकाराचं लाकूड, जे या टोकापासून त्या टोकापर्यंत धावतं. धोट्याच्या पोटात एक बोटभर लांबीची नळी असते आणि तिच्यावर सूत गुंडाळलेलं असतं. त्या नळीला आमच्या घरात 'नरी' म्हणत. शेजारी कोष्ट्यांचं घर होतं, ते तिला 'कांडी' म्हणत. आमची ढरकी ती त्यांचा धोटा, आमचा करघा तो त्यांचा माग. एकाच गल्लीत एकाच वस्तूला दोन नावं होती आणि दोन्ही घरांतल्या मुलांना दोन्ही नावं येत. पुढे मी दोन भाषा शिकवायला लागले, त्याचं मूळ बहुधा त्या गल्लीतच आहे.

नरी भरणं दिसायला सोपं. उजव्या हाताने चरखा फिरवायचा, डाव्या हाताच्या अंगठ्या-बोटाच्या चिमटीतून सूत सोडायचं. पण सगळी गंमत त्या चिमटीत असते. सैल सोडलं तर धोटा धावताना नरीवरून वेटोळीच्या वेटोळी निसटतात आणि कापडात गुंता होतो. जास्त ओढलं तर सूत तुटतं. पोट फुगवून भरली तर नरी धोट्यात अडकते, कमी भरली तर विणकराला सारखं थांबावं लागतं. सूत किंचित ओलं हवं, पण पाणी टपकायला नको. एका टोकाला निमुळती, मध्ये भरदार, बोटाने दाबली तर टणक, अशी नरी जमायला मला दोन वर्षं लागली. तरी माझ्या नऱ्या अब्बा बरोबर ओळखत. मागावरून ओरडत, "ये किसने भरी?" म्हणजे ती मी भरलेली असे.

एक नरी मागावर पाच-सहा मिनिटांत संपते. दोन माग चालू असले की दर तीन मिनिटांनी एक भरलेली नरी तयार हवी. म्हणजे स्वयंपाक, पाणी, लेकरं, सासूचं औषध हे सगळं त्या तीन-तीन मिनिटांच्या फटींत बसवायचं. अम्मी भाजी फोडणीला टाकून चार नऱ्या भरायची आणि भाजी ढवळायला उठायची. पहाटे फजरच्या नमाजानंतर बिस्मिल्लाह म्हणून पहिली नरी, आणि इशाच्या आधी दुसऱ्या दिवसासाठी टोपलीभर. १९७६ साली ती लग्न होऊन आली आणि २००३ साली आमचे माग मोडीत निघाले. सत्तावीस वर्षं.

मजुरी साडीमागे ठरायची. महाजन सूत देई, साडी घेई आणि अब्बांच्या हातात पैसे ठेवी. वहीत अब्बांचं नाव. त्या मजुरीत सुताला खळ देणं, ताणा लावायला मदत करणं, नऱ्या भरणं हे सगळं आलंच, असं धरलेलं असे. वेगळं काही नाही. यात कुणी कुणाला फसवत होतं असं मला म्हणायचं नाही. तो रिवाजच होता.

या कामाची किंमत आमच्या घराला फक्त एकदा कळली. १९९१च्या पावसाळ्यात अम्मीला टायफॉइड झाला. महिनाभर ती अंथरुणाला खिळली. दादीची नजर अधू झाली होती आणि माझी शाळा होती. माग बंद ठेवणं परवडणारं नव्हतं. शेवटी अब्बांनी शेजारच्या कोष्ट्यांच्या काकूंना विचारलं. त्या आपल्या घरच्या कांड्या भरून झाल्या की आमच्या भरून देऊ लागल्या, आणि अब्बा त्यांना रोजचे आठ रुपये देऊ लागले. तेव्हा एका मागावर दिवसाला तीसेक रुपये सुटत असतील. रोज संध्याकाळी आठ रुपये मोजताना अब्बांचा चेहरा मला आठवतो. चौथ्या-पाचव्या दिवशी ते दादीला म्हणाले, "इत्ता तो नरी का ही चला जा रहा."

महिन्याने अम्मी उठली, चरख्यावर बसली, आणि ते आठ रुपये पुन्हा अदृश्य झाले.

बी.एड.च्या प्रवेशाचा फॉर्म मी भरला तेव्हा माग चालूच होते. ओसरीतच बसून भरला. वडिलांचा व्यवसाय, 'विणकर'. तो शब्द मी ठसठशीत लिहिला, मला त्याचा अभिमान होता. आईचा व्यवसाय, 'गृहिणी'. दोन हातांवर चरखा घरघरत होता. त्याच घरघरीत मी हा शब्द लिहिला आणि मला काहीसुद्धा खटकलं नाही. त्या फॉर्मसोबत भरलेल्या फीमध्ये दर चार रुपयांतला एक रुपया कुणाचा होता, हा हिशेब मला १९९१ पासून माहीत होता. पण माहीत असणं आणि लिहिणं यांत फार अंतर असतं.

ही सगळी गोष्ट कदाचित अशीच राहिली असती. ती उकरून काढली माझ्या मुलीने. तिला नववीत जुन्या व्यवसायांवर प्रकल्प करायचा होता. ती वही घेऊन कामठीला नानीकडे गेली. मी बाजूलाच होते. तिने पहिलाच प्रश्न विचारला, "नानी, आप क्या काम करती थीं?"

अम्मी हसली. "काम थोडी करती थी मैं. नरी भरती थी."

मुलीने वहीत लिहिलं : नाना विणकर होते. नानी घर सांभाळत. मी वाकून वाचलं आणि माझ्या अंगावर काटा आला. हे तर माझंच अक्षर होतं, फक्त तेवीस वर्षांनी.

प्रकल्पात चित्रं हवी होती. नरीचं चित्र मिळेना म्हणून तिने फोनवर 'बॉबिन' असं शोधलं, आणि समोर आलं भलतंच. एक गोऱ्या कातडीची म्हातारी, मांडीजवळ एक गोल कडक उशी, उशीवर टाचण्यांचं रान, आणि टाचण्यांपासून लोंबणाऱ्या लाकडी नळ्यांच्या कितीतरी जोड्या. म्हातारीचे हात त्या नळ्या इकडून तिकडे टाकत होते. इतक्या वेगाने की नजर ठरेना. नळ्या एकमेकींवर आपटून टकटक आवाज येत होता. आणि टाचण्यांमधून हळूहळू दुधाच्या सायीसारखी जाळी तयार होत होती. लेस.

अम्मीने चष्मा लावला, फोन जवळ घेतला आणि म्हणाली, "ये तो नरी है."

मग मी त्याबद्दल वाचायला लागले. आपल्याकडे लेस म्हटलं की परकराला लावायची बाजारची पट्टी किंवा फार तर क्रोशाचा रुमाल आठवतो. ही लेस वेगळी. तिला ना सुई लागते, ना आकडी, ना माग. नक्षीचा टोचलेला कागद उशीवर लावायचा, प्रत्येक धाग्याच्या टोकाला एक बॉबिन, आणि हालचाली मुळात दोनच : पीळ देणं आणि एकमेकांवरून ओलांडणं. एका वेळी दोन जोड्या, म्हणजे चार धागे हातात. जिथे धागा वळतो तिथे टाचणी. वेणी घालताना आपण जे तीन पेडांचं करतो, तेच शेकडो पटींनी वाढवलेलं. युरोपात चारशे-पाचशे वर्षांपासून हे चालत आलं आहे.

स्लोव्हेनिया नावाच्या छोट्या देशात इद्रिया नावाचं डोंगरातलं गाव आहे. तिथे पाऱ्याची खाण होती. पुरुष खाणीत उतरत, आणि खाणीच्या पगारात भागत नसे म्हणून बायका उशी घेऊन बसत. १८७६ साली तिथे लेस शिकवणारी शाळा सुरू झाली, ती आजही चालू आहे. २०१८ साली युनेस्कोने स्लोव्हेनियातली ही कला मानवी वारशाच्या यादीत घेतली. खाणकामगाराच्या बायकोची बॉबिन आज जगाचा वारसा आहे.

ही लेस आपल्या देशातही आली होती. १८२०च्या दशकात दक्षिणेत, तेव्हाच्या त्रावणकोर संस्थानातल्या नागरकोविलमध्ये लंडन मिशनरी सोसायटीच्या मार्था मॉल्ट यांनी मुलींच्या शाळेत उशीवरची लेस शिकवायला सुरुवात केली. पुढे त्यांची मुलगी एलिझा ही कला तिरुनेलवेलीकडच्या इडैयंगुडी गावात घेऊन गेली. तिचा नवरा रॉबर्ट कॉल्डवेल हा द्रविड भाषांचा मोठा अभ्यासक म्हणून भाषा शिकवणाऱ्या आम्हा लोकांना माहीत असतो. बायकोच्या लेसशाळेबद्दल मात्र मी पहिल्यांदाच वाचलं.

पण मला खरं हलवलं ते आंध्रातल्या नरसापूरने. गोदावरीच्या मुखाजवळच्या या भागात मिशनऱ्यांनीच रुजवलेली क्रोशाची लेस होते. मारिया मीस या जर्मन अभ्यासक बाईंनी तिथे राहून अभ्यास केला आणि १९८२ साली पुस्तक लिहिलं. त्यांना दिसलं ते असं : हजारो बायका घरात बसून लेस विणतात, ती परदेशी जाते, व्यापारी पुरुष त्यावर श्रीमंत होतात, आणि विणणाऱ्या बायका स्वतःला कामगार म्हणत नाहीत. त्या म्हणतात, आम्ही घरीच असतो, रिकाम्या वेळात करतो. तो 'रिकामा वेळ' दिवसाचे सहा-आठ तास असे. यातल्या अनेकींना याचा अभिमानही होता. शेतात राबणाऱ्या दलित बाईपेक्षा आपण वरच्या, कारण आपण उंबऱ्याच्या आत आहोत. प्रत्यक्षात शेतातली बाई त्यांच्यापेक्षा जास्त कमवत होती.

हे वाचून मी पुस्तक मिटलं आणि बराच वेळ बसून राहिले. कारण हे आमचंच वर्णन होतं. आमच्याकडेही 'घरच्या बायका बाहेर कामाला जात नाहीत' हे वाक्य मान वर करून म्हटलं जातं. पडद्याचा मान. अम्मीलाही तो होता आणि आहे. मिलमध्ये जाणाऱ्या बायकांबद्दल दादी ज्या सुरात बोलायची तो सूर मी विसरलेले नाही. नागपूरची एम्प्रेस मिल १८७७ पासून चालू होती, तिचा भोंगा ऐकत शहर जगलं, तिच्यातल्या कामगाराला हजेरी होती, पगारपत्रक होतं. ओसरीतल्या चरख्याला हजेरी नव्हती. आम्ही मान घेतला आणि हजेरी सोडून दिली. 'गृहिणी' हा शब्द आमच्यावर कुणी बाहेरून लादला असं म्हणणं सोपं आहे. पण तो आम्ही स्वतःही छातीशी धरला होता.

त्या दिवसांत मी शाळेत 'सूत जुळणे' हा वाक्प्रचार शिकवत होते. फळ्यावर लिहिताना डोक्यात विचार आला, जुळलेलं सूत किती लांब असतं ते तरी मुलींना मोजायला लावू. उदाहरण साधंच घेतलं. साडी साडेपाच मीटर लांब, १.२ मीटर पन्हा, आणि एका इंचात बाण्याचे ६० धागे. साडेपाच मीटर म्हणजे साधारण २१६ इंच. २१६ गुणिले ६० म्हणजे १२,९६० वेळा धोटा आडवा धावला. प्रत्येक वेळी १.२ मीटर सूत. उत्तर आलं १५,५५२ मीटर. साडेपंधरा किलोमीटर. वर्गातली एक मुलगी कामठीहून येते. ती म्हणाली, "मॅम, ये तो मेरे घर तक हो गया."

नागपूर ते कामठी. एका साडीचा फक्त बाणा. आणि त्यातला प्रत्येक मीटर अम्मीच्या चिमटीतून गेलेला.

घरी येऊन मी हिशेब पुढे नेला. दोन्ही मागांवर मिळून वर्षाला फक्त १०० साड्या धरल्या, म्हणजे खऱ्यापेक्षा बरंच कमी. सत्तावीस वर्षांचं सूत होतं जवळपास ४२ हजार किलोमीटर. पृथ्वीचा घेर ४० हजारांच्या आसपास आहे. उंबऱ्याबाहेर न गेलेल्या माझ्या आईच्या बोटांतून पृथ्वीला गुंडाळून उरेल एवढं सूत गेलं होतं. फॉर्मवर मी लिहिलं होतं, गृहिणी.

मुलीला चालू माग पाहायचा होता. आमच्या गल्लीत आता एकही राहिलेला नाही. १९८५ साली केंद्राने कायदा करून २२ प्रकारचं कापड फक्त हातमागासाठी राखून ठेवलं होतं, पुढे ती यादी ११ वर आली. यंत्रमागाची साडी स्वस्त, गिऱ्हाईक तिकडे गेलं, आणि अब्बांसारखे लोक चाळिशी-पन्नाशीत दुसरं काही शिकायला निघाले. शेवटी माझ्या एका सहकारी शिक्षिकेने तिच्या माहेरी नेलं, भंडारा जिल्ह्यात, मोहाडी तालुक्यातल्या आंधळगावला.

तिथे करवती काठाची कोशाची साडी होते. पूर्व विदर्भाच्या जंगलात ऐन आणि अर्जुनाच्या झाडांवर कोशाचे किडे वाढवतात, त्याचं हे टसर रेशीम. साडीचं अंग कोशाचं, आणि काठ सुती, त्यावर करवतीच्या दातांसारखी नक्षी. या साडीला भौगोलिक मानांकनही मिळालं आहे. तिची खुबी अशी की तिला एक धोटा पुरत नाही, तीन लागतात. एक अंगाचा, दोन काठांचे. दर ओळीला काठाचा धागा आणि अंगाचा धागा एकमेकांत अडकवून परत फिरवायचा. तेव्हा कुठे काठ आणि अंग एक होतात आणि दात सरळ येतात. विणकर दादा मागावर बसले होते. काठाचे धोटे हाताने आत-बाहेर घालत होते. मला एकदम ती फोनवरची म्हातारी आठवली. धागा ओलांडायचा, अडकवायचा, परत यायचं. इद्रियाची उशी आणि आंधळगावचा माग तेवढ्यापुरते सख्खे वाटले.

मुलगी फोटो काढत होती. मी ओसरीत गेले. तिथे घरातल्या वहिनी चरख्यावर बसल्या होत्या. समोर तीन टोपल्या. कोशाच्या कांड्या वेगळ्या, काठाच्या दोन रंगांच्या वेगळ्या. तीन धोटे म्हणजे तीन प्रकारच्या कांड्या, आणि तीन प्रकारची ओढ. कोशाचं सूत बोटाला वेगळं लागतं, सुती वेगळं. मी म्हटलं, "वहिनी, तुमचं काम तर दादांपेक्षा जास्त दिसतंय." त्यांनी चरखा न थांबवता माझ्याकडे पाहिलं आणि हसल्या.

"मी काम नाही करत जी. मी त नुसत्या कांड्या भरतो."

मी दोन भाषांची शिक्षिका आहे. दोन भाषांत एकच वाक्य शब्दाला शब्द इतकं तंतोतंत सापडणं फार कमी वेळा होतं. भाषांतर करताना नेहमी काहीतरी सांडतं. इथे काहीच सांडलं नव्हतं. कामठीच्या मोमीन घरातली बाई आणि आंधळगावच्या कोष्टी घरातली बाई, एक नरी म्हणते आणि एक कांडी, पण दोघींचं वाक्य एकच आहे, आणि हसणंही.

२०१९-२०च्या चौथ्या हातमाग गणनेत देशात ३५ लाखांवर हातमाग कामगार मोजले गेले. त्यातले साडेआठ लाखांच्या आसपास 'संलग्न' कामगार, म्हणजे ताणा लावणारे, सूत रंगवणारे, कांड्या भरणारे. म्हणजे सरकारी कागदावर रकाना आहे. पण गणना करणारा माणूस दारात उभा राहून विचारतो, काय काम करता? आणि आतून उत्तर येतं, मी काम नाही करत. मग रकाना असून उपयोग काय? मोजणारा चुकला असंही म्हणता येत नाही. त्याने ऐकलं तेच लिहिलं.

परत आल्यावर मी वर्गात ते ५३ फॉर्म मुलींना परत दिले नाहीत. तेवढं धाडस माझ्यात नव्हतं. मी एक गृहपाठ दिला. आईला 'तू काय काम करतेस' असं विचारायचं नाही. विचारायचं, काल सकाळपासून रात्रीपर्यंत तुझ्या हातांनी काय काय केलं, आणि त्यातल्या कशाकशाचे पैसे घरात आले? उत्तर दहा ओळींत, मराठीत.

वह्या आल्या तेव्हा विड्यांचे कट्टे आले, शिवलेले फॉल आले, मणी आले, लोणच्याच्या बरण्या आल्या. व्याकरणाच्या चुका भरपूर होत्या. मी त्या वाचताना लाल पेन बाजूला ठेवलं.

तिसऱ्या दिवशी एक आई शाळेत आली. बुरख्याची जाळी वर करून हळू आवाजात म्हणाली, "मॅडम, हे कुठे पुढे पाठवणार का? यांना कळलं मी पैसे घेते तर घरात तमाशा होईल." मी म्हटलं, नाही, वहीतच राहील. ती निघून गेली. मी बाकावर बसून राहिले. मोजून घेणं हे चांगलंच, असं मी ठरवून टाकलं होतं. न मोजलं जाण्यात कुणाची सुरक्षितताही असू शकते, हे मी, विणकराची मुलगी, विसरले होते. तिच्या मुलीच्या फॉर्मवरचं 'गृहिणी' मी तसंच राहू दिलं. तो शब्द बदलायचा तर तिने बदलावा. मी फक्त तिच्या मुलीला तो प्रश्न नीट विचारायला शिकवू शकते.

माझा स्वतःचा फॉर्म मात्र माझा आहे. बी.एड.चा तो कागद कुठल्या कपाटात पडला असेल, आता सापडणार नाही. म्हणून मी मुलीच्या प्रकल्पाकडे वळले. तिने पान नव्याने लिहिलं : माझे नाना विणकर होते. माझी नानीही विणकर होती. ती २७ वर्षं नऱ्या भरत होती. एका साडीला सुमारे ५० नऱ्या लागत.

मागच्या रविवारी आम्ही कामठीला गेलो. मुलीने नानीला ते पान वाचून दाखवलं, मराठीत आणि मग समजावून उर्दूत. अम्मी डोळे मिटून ऐकत होती. 'नानीही विणकर होती' या वाक्यावर तिने नेहमीसारखा हात झटकला. हे काय भलतंच, असं. मला वाटलं, आता पुन्हा तेच वाक्य येणार.

पण पुढची ओळ ऐकून तिने डोळे उघडले.

"पचास नहीं, साठ लिख," ती म्हणाली. "और पल्लू की अलग."